पल्याडचं कॅलेंडर

संघदीप मनवर म्हणजे कोणाच्या अध्यात ना मध्यात असा माणूस. दिग्रसला रहेमानभाईंच्या छापखान्यात तो कॉम्प्युटरवर बसायचा. लग्नपत्रिका, पावतीपुस्तकं, तेरवीच्या चिठ्ठ्या आणि दिवाळी जवळ आली की बियाण्याच्या दुकानांची कॅलेंडरं, हे त्याचं काम. अशा माणसाबद्दल सांगण्यासारखं फार काही नसतं. त्याच्याबद्दल आहे, पण ते सांगताना त्याची मान खाली जाते. आणि खरं सांगायचं तर, जायलाच पाहिजे.

गोष्ट सुरू होते चौथीच्या वर्गात. गाव अरुणावती नदीच्या काठाला. बाईंनी फळ्यावर लिहिलं, 'आमच्या घरचे सण'. पोरांनी दोन-दोन पानं भरली. संघदीपच्या आजोबांनी छप्पन्न साली दीक्षा घेतली तेव्हाच जुने सण उंबऱ्याबाहेर ठेवले होते. भिंतीवर कॅलेंडर असायचं, पण बाप धर्मपाल त्यातल्या उपासतापासांवर निळ्या पेनानं काट मारून ठेवायचा. पोरानं लिहिलं: चौदा एप्रिल, बुद्धपौर्णिमा आणि दसऱ्याचा धम्मचक्र प्रवर्तन दिन. संपलं. शेजारच्या पोरानं वहीत डोकावून विचारलं, "तुमच्या घरी वर्षातून तीनदाच गोड करते का बे?"

आता त्या तीन दिवसांचा धर्मपालला केवढा अभिमान! पण नऊ वर्षांच्या पोराला ते कुठून कळावं? त्याला तीन म्हणजे तीनच दिसले, आणि लाज वाटली. आपल्या घराची लाज वाटण्याचा तो त्याचा पहिला दिवस. त्याच संध्याकाळी त्यानं दोनशे पानी वही काढली आणि एक देश वसवला. नदीच्या पलीकडचा, म्हणून नाव पल्याड. तिथलं कॅलेंडर एकदम वेगळं होतं.

पल्याडचं वर्ष तेरा महिन्यांचं, आणि प्रत्येक महिना अठ्ठावीस दिवसांचा, ना एक कमी ना एक जास्त. ढेकूळ हा पहिला महिना, मग ओल, कोंब, आणि कोळपणीचा डवरा. कापसाला पाती लागली की पाती महिना, बोंडं धरली की बोंड, आणि पुढे वेचा. कापसाची पराटी उपटून झाली की धूळ, मग झळ, असे एकेक. शेवटच्या महिन्याचं नाव वाट, कारण त्या महिन्यात पावसाची वाट पाहण्याशिवाय कोणाला काही काम नसतं. तेरा गुणिले अठ्ठावीस म्हणजे तीनशे चौसष्ट. एक दिवस उरायचा. तो कोणत्याच महिन्यात नव्हता, त्याला तारीखही नव्हती. त्याचं नाव फुरसत. फुरसतीला पल्याडचं कोणी मरत नसे, कारण मरायला तारीख लागते.

तिथे शुभ-अशुभ नव्हतं. प्रत्येक दिवसाला एक छोटं काम नेमून दिलेलं होतं, आणि ते सगळ्यांनी, अगदी राजानंसुद्धा, करायचं. आज विहिरीला हाक मारावी. आज नेहमीची वाट सोडून दुसऱ्या वाटेनं घरी यावं. आज उजव्या हाताला सुटी. आई तुळसाबाई लोकांच्या वावरात कापूस वेचून आली की चुलीपाशी पाय पसरून बसायची आणि पोराचं हे राज्य ऐकायची. एकदा ती म्हणाली, "माह्यासाठी बी एक दिवस टाक. त्या दिवशी कोनी कोनाले काई इचारू नये. भाकर झाली का, पेन्सिल कुठी हाय, उद्या कोनाच्या वावरात जातं, काईच नाई." संघदीपनं टाकला. वाट महिन्याची सतरा तारीख: आज कोणी कोणास काही विचारू नये.

पोरं मोठी होतात, वह्या रद्दीत जातात. ही वही गेली नाही. सव्वीस वर्षांचा बाप्या झाला, मिशा आल्या, तरी संघदीप अधूनमधून पल्याडात एखादा दिवस दुरुस्त करायचा. कोणाला सांगितलं असतं तर लोकांनी वेड्यात काढलं असतं, म्हणून सांगितलं नाही.

छापखान्यातली खुर्ची ही त्यांच्या घराण्यातली पहिली खुर्ची. ती वर्षं कापूस बुडण्याची होती. धर्मपाल जिनिंगमध्ये गठाणी उचलायचा, पण आठवड्यातले तीन दिवस जिनिंगच बंद राहायचं. वेचणीला एकेका वावरात चार बाया लागत तिथे दोन पुरायला लागल्या. घर त्या खुर्चीवर उभं होतं. हे मी त्याची बाजू घेण्यासाठी सांगत नाही. त्याला भीती कशाची होती ते कळावं म्हणून सांगतो.

छापखान्यात एक नियम होता. किसनराव गुरुजींच्या हिरव्या सहीशिवाय एकही पान मशीनवर चढायचं नाही. गुरुजी निवृत्त मास्तर, वय सत्तर. रोज दुपारी तीनला यायचे, चष्मा पुसायचे, आणि छापायच्या आधीचा नमुना खालून वर वाचत जायचे. शेवटची ओळ आधी, पहिली शेवटी. "वरून खाली वाचलं की मानूस अर्थ वाचते, अक्षर वाचत नाही," असं ते म्हणत. पान बिनचूक झालं की कोपऱ्यात हिरव्या शाईनं लिहीत: 'पाहिले. शुद्ध. कि.' दहा-बारा वर्षांत त्यांच्या हातून एक काना सुटला नव्हता. शनिवारी सकाळी तेच डोळे वाचनालयात कामाला यायचे. मोतीबिंदूवाले, न शिकलेले सात-आठ म्हातारे बाकावर बसत आणि गुरुजी त्यांना पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत पेपर मोठ्यानं वाचून दाखवत.

दोन हजार पाचच्या दिवाळीआधी देवीलाल सेठच्या कृषी केंद्राचं पुढच्या वर्षाचं कॅलेंडर जुळवायला आलं. पंचांगातल्या तिथ्या हाती यायला उशीर होता. चौकटीत दोन ओळी बसतात की नाही ते पाहायला संघदीपला काहीतरी मजकूर भरणं भाग होतं. सगळ्या चौकटींत अबकड भरलं असतं तरी चाललं असतं. पण त्याला हौस आली. मे महिन्याच्या पानावर त्यानं वाट महिना भरला, अठ्ठावीस दिवसांचे एकतीस करून. पल्याड पहिल्यांदाच छापील अक्षरात दिसत होतं. तो कितीतरी वेळ पाहत बसला. मग तिथ्या आल्या, त्यानं खरं पान तयार केलं, गुरुजींनी तपासलं, हिरवी सही झाली. पल्याडचं पान पुसून टाकायला मात्र त्याचा हात धजला नाही. दोन्ही पानं कॉम्प्युटरमध्ये शेजारी-शेजारी राहिली.

तेव्हा विजेची लाईन बारा-बारा तास जायची. छपाईच्या दिवशी चारला आली, पुन्हा पाचला जाणार होती, आणि देवीलालचा माणूस दारात उभा. घाईत संघदीपनं छपाईच्या प्लेटसाठी चुकीचं पान काढलं. तीन हजार कॅलेंडरं छापली गेली, दिवाळीला वाटली गेली, गावोगावच्या भिंतींवर खिळ्याला लागली. मे महिन्याचं पान आत दडलेलं. ते कोण कशाला बघतो?

एप्रिल संपला त्या संध्याकाळी संघदीपनं घरच्या भिंतीवरचं पान उलटलं आणि समोर वाट महिना दिसला. धर्मपाल मागून म्हणाला, "बुद्धपौर्णिमा बी नाई याच्यात. कोनं छापलं रे हे?"

इथवर झाली ती चूक. चूक कोणाच्याही हातून होते. पुढचं जे आहे त्याला चूक म्हणता येणार नाही. एक मेला छापखान्याला सुटी होती. संघदीपकडे किल्ली होती. तो गेला, तपासलेल्या पानांचा गठ्ठा सोडला, त्यातून मे महिन्याचं हिरव्या सहीचं पान काढलं, गठ्ठा होता तसा बांधला, आणि ते पान घरी आणून पल्याडच्या वहीत ठेवलं.

तीन तारखेला देवीलाल सेठ कॅलेंडरच हातात घेऊन आला. "लग्नाचा महिना हाय! लोक माह्या कॅलेंडरात तिथी पाहून राह्यले, अन् इथं काय लिहेल हाय? 'आज विहिरीला हाक मारावी'! लोक दुकानात येऊन हासून राह्यले, रहेमानभाई. आधीच यंदा बियान्यावरून लोक मले शिव्या देऊन राह्यले."

रहेमानभाईंनी संघदीपकडे पाहिलं. "क्या है रे ये?"

"डमी होती, भाई. तिथ्या येईपर्यंत भरेल होती. गुरुजींच्या तपासणीत पान पास झालं. सहीबिगर म्या कधी प्लेट करतो का?"

गठ्ठा सोडला गेला. अकरा महिन्यांची पानं निघाली, मे निघालं नाही. नेमके तेव्हाच तीन वाजले आणि गुरुजी आले. रहेमानभाईंनी अडखळत सगळं सांगितलं. गुरुजींनी छापलेलं पान हातातसुद्धा घेतलं नाही. त्यांनी विचारलं, "संघदीप काय म्हनते?" आणि ते ऐकल्यावर म्हणाले, "मंग सही माहीच असन. सहीबिगर पान पाठवाचा नाही हा पोरगा. पान कुठं गहाळ झालं असन, पन पोरगा खोटं बोलाचा नाही."

मग त्यांनी चष्मा काढला, घडी करून डबीत ठेवला. हिरवा पेन खिशातून काढून टेबलावर ठेवला. "एकतीस चौकटी होत्या, रहेमान. एक नाही, दोन नाही. एकतीस चौकटी माह्या डोळ्यांपुढून गेल्या अन् मले दिसल्या नाही. नजर गेली, अन् गेली थे बी मले समजलं नाही."

त्यांच्यासाठी मागवलेला चहा टेबलावर होता. तो थंड होईस्तोवर संघदीपला तोंड उघडायला वेळ होता. तो मूग गिळून बसला. करून-सवरून नामानिराळा! देवीलालला रहेमानभाईंनी नवं पान छापून दिलं, खुर्ची राहिली, आणि गुरुजी पायऱ्या उतरून गेले ते परत आले नाहीत.

शनिवारचं वाचन बंद झालं. म्हातारे दोन शनिवार बाकावर येऊन बसले, मग तेही यायचे बंद झाले. घरी पेपर आला की गुरुजी तो सुनेकडे सरकवत आणि म्हणत, तू वाच, मले काही खरं वाटत नाही. जूनमध्ये एकदा संघदीप बसस्टँडवर उभा होता. समोर एसटी लागली. पाटी एवढी मोठी, ऊन लख्ख, आणि गुरुजी पाटीच्या दोन हातांवर उभे. त्यांनी पाटीकडे पाहिलं, ओठ हलवले, म्हणजे वाचली. आणि मग शेजारच्या कॉलेजच्या पोरीला विचारलं, "बाई, ही पुसदचीच हाय ना?"

संघदीप खांबाआड झाला. डोळे शाबूत असलेला माणूस त्याच्यामुळे आंधळा झाला होता. त्या दिवशी त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पण झालं म्हणून तो पुढे गेला का? नाही. लाज वाटणं आणि लाज पुसायला पाऊल उचलणं यांत बरंच अंतर असतं, आणि माणूस त्या अंतरात आरामात घर बांधून राहतो. संघदीप सहा महिने राहिला. वही त्यानं एकदाही उघडली नाही.

दिवाळी झाली. नोव्हेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात, सकाळी, भुरीबाई नावाची एक बंजारा बाई तांड्यावरून छापखान्याची चौकशी करत आली. डोक्यावर टोपलं, हातात घडी घातलेला कागद. तिनं घडी उलगडली. मे महिन्याचं पान होतं, पल्याडचं.

"भिया, हे कॅलेंडर तुमच्याकडचंच का?"

संघदीपला वाटलं, आली आणखी एक शिव्या द्यायला. "व्हय. चुकलं होतं थे."

भुरीबाईनं सतराव्या चौकटीवर बोट ठेवलं. तिथे कुंकवाचा ठिपका होता. "हे नातीनं वाचून दाखोलं मले. आज कोनी काई इचारू नये. नव्या कॅलेंडरात म्या तिले सारं पाहाले लावलं, नाई सापडला हा दिवस. कुठी टाकला यंदा?"

"कायले पाहिजे, बाई?"

ती खाली बसली. गेल्या वर्षी तिचा घरधनी गेला होता. तेव्हापासून दारात कोणी ना कोणी उभंच. फारम घेऊन येणारे, फोटो काढणारे, गाडीतून येणारे. कसा गेला, कवा गेला, काय बोलला होता, सकाळी जेवला होता का. "सांगू सांगू माह्या जिभेले फोड आले. थ्या सतरा तारखेले दोघं जन आले. म्या कॅलेंडर काढून दाखोलं. म्हनलं, पाहा बाप्पा, छापेल हाय, आज इचाराचं नाई. थे वाचून गुमान गेले. थो एक दिवस म्या माह्या मानसाले निवांत रडून घेतलं. साऱ्या वर्षात थोच एक दिवस भेटला मले."

संघदीपच्या आईनं मागितलेला दिवस नदीकाठच्या चुलीपासून तांड्यापर्यंत पोचला होता, आणि एका बाईच्या कामी आला होता. आणखी कोणाचा ऊर भरून आला असता. संघदीपचाही आला, अर्ध्या मिनिटापुरता. कारण भुरीबाईनं पुढचं विचारलं, "कोनाच्या हातून झालं हे?"

आणि इतक्या महिन्यांच्या सवयीनं तोंड आपसूक बोलून गेलं, "आमचे एक गुरुजी होते. त्याईच्या नजरेतून सुटलं."

या बाईपाशी खोटं बोलायची काही गरज होती का? ना ती मालक, ना देवीलाल. पण खोटं एकदा अंगवळणी पडलं की ते गरज बघत नाही. भुरीबाईचा चेहरा मात्र उजळला. तिनं टोपल्यातून चार सीताफळं काढून कीबोर्डाशेजारी ठेवली. "त्या गुरुजीले माहा रामराम सांग. म्हनावं, नजर चुकली त बरं झालं, एका बाईचं भलं झालं. पिकले हायेत, परवाच्या आत दे बरं."

ती गेली. चार सीताफळं समोर बसली. खाता येईनात, फेकता येईनात. संध्याकाळपर्यंत त्यांचा वास सगळ्या छापखान्यात भरला, आणि येणारा-जाणारा विचारू लागला, "कोनाचे हाय बे सीताफळ?" दुसऱ्या दिवशी त्यांना चिरा पडायला लागल्या. खोटं सहा महिने टिकलं होतं, सीताफळं दोन दिवस टिकणार नव्हती.

शनिवारी सकाळी संघदीपनं वहीतून ते पान काढलं आणि आधी रहेमानभाईंसमोर ठेवलं. रहेमानभाईंनी हिरवी सही पाहिली. मग पान त्याच्याकडे सरकवत म्हणाले, "पहले उनके घर जा. नौकरी का बाद में देखेंगे. मेरे सामने मत रो."

गुरुजी ओसरीवर बसले होते. सून आत स्वयंपाकात. पेपर घडी न मोडता खाटेवर पडलेला. संघदीपनं सीताफळं ठेवली, भुरीबाईचा निरोप सांगितला. गुरुजी हसले, कडू. "म्हंजे माही नजर गेली थे कोनाच्या तरी कामाची झाली."

"नजर गेली नाही, गुरुजी," संघदीप म्हणाला, आणि पान पुढे केलं. "तुमी बरोबर पाह्यलं होतं. म्याच चुकीचं पान छापलं. अन् हे म्या लपवलं."

गुरुजींनी हात पुढे केला नाही. "वाच," ते म्हणाले. "खालून वर."

संघदीपनं वाचलं. एकतीस तारखेपासून एक तारखेपर्यंत, तिथी, वार, सण, एकेक चौकट. बुद्धपौर्णिमेपाशी तो अडला, पण गुरुजींनी थांबू दिलं नाही. शेवटी कोपरा राहिला.

"थे बी वाच."

"पाहिले. शुद्ध. कि."

आत फोडणी थांबली होती. सून दाराशी येऊन उभी होती.

"म्या रहेमानले काय म्हनलं होतं तुह्याबद्दल, याद हाय?"

"हाय, गुरुजी."

"काय म्हनलं होतं?"

"पोरगा खोटं बोलाचा नाही म्हनून."

"मंग एक चूक माही बी झालीच," गुरुजी म्हणाले. त्यांनी शिवी दिली असती तर संघदीपला सोसवली असती.

"आज तारीख कोनती?"

"अकरा नोव्हेंबर."

"तुही असन. माही चार मे. तीन मेच्या सकाळी म्या शेवटचा पेपर वाचला." ते सुनेकडे वळले. "रद्दी इकली का, बाई?"

रद्दी विकली नव्हती. कोठीत गठ्ठा होता. संघदीपनं तो ओसरीवर आणला, खालून चार मेचा पेपर काढला, झटकला, गुरुजींच्या मांडीवर ठेवला. "रोज काम सुटलं की येशील," गुरुजी म्हणाले. "सारे दिवस वाचाचे हायेत, एकेक करून. तू बसून आयकशील. माफीचं मंग पाहू."

सुनेनं डबीतून चष्मा आणून दिला. त्यांनी तो धोतराच्या सोग्यानं पुसला, डोळ्यांवर चढवला, आणि पहिल्या पानाचं मोठं शीर्षक वाचलं. खणखणीत, एक अक्षर न चुकता, वाचनालयात वाचत तसं. संघदीपला वाटलं, झालं, डोळे परत आले.

पण गुरुजी पुढच्या ओळीवर गेले नाहीत. बोट त्याच ओळीवर ठेवून त्यांनी मान वर केली. चष्म्याआडून ते त्याच्याकडे, त्याच्यासारख्या लबाडाकडे, पाहत होते, पहिलीतलं पोरगं मास्तरांकडे पाहतं तसे.

"बरोबर वाचलं ना म्या?"

"बरोबर, गुरुजी."

त्यांनी दुसरी ओळ वाचली आणि पुन्हा मान वर केली.